वादळातलं जहाज

"यात माझी आई आहे," म्हणत शिंपीकाकांनी गंजका डबा टेबलावर ठेवला. "मला कळायला लागायच्या आतच गेली ती. तिचा एकही फोटो नाही. आहे ती एवढीच फीत, आणि ती आता कुठल्याच यंत्रावर चालत नाही. मरायच्या आत एकदा डोळे भरून बघायचंय."

जुन्या मूकपटांच्या फिती दुरुस्त करणाऱ्या ताईने डबा उघडून फीत उजेडात धरली. खवळलेला समुद्र, आणि त्यात गटांगळ्या खाणारं जहाज. म्हणजे काकांची आई या जहाजावर होती तर!

आठवडाभर ती त्या फितीला चिकटून बसली. बुरशी पुसली, फाटलेल्या कडा जोडल्या. काका दुकान बंद करून रोज डोकावायचे. "तुझे उपकार कसे फेडू गं?" म्हणत त्यांनी तिच्या कोटाचं उसवलेलं अस्तर बळेच शिवून दिलं. अशी माणसं हल्ली भेटतात कुठे, असं तिला वाटायचं.

फीत संपत आली तिथे ती थबकली. चित्राच्या कडेने एक हात आत आला होता. कोपरापर्यंत ओला, जहाजापेक्षा मोठा. तो पाणी ढवळत होता. म्हणजे समुद्र कसला, घंगाळ होतं ते, आणि जहाज खेळण्यातलं! त्या काळचे सिनेमावाले वादळं अशीच उठवायचे.

ताईला रडूच कोसळलं. बिचारा म्हातारा जन्मभर या जहाजावर आईला शोधत होता. कुठल्या तोंडाने त्याला खरं सांगायचं?

तिने कात्री उचलली. हात दिसणारा तेवढा तुकडा कापला, टोकं बेमालूम जोडली. असली फीत ठिणगीनेही भडकते, म्हणून कापलेले तुकडे त्याच दिवशी अंगणात जाळायचा कार्यशाळेचा नियम होता. तो तिने पाळला.

दुसऱ्या दिवशी भिंतीवर समुद्र उसळला. काका श्वास रोखून बघत राहिले. जहाज बुडालं, भिंत पांढरी झाली.

"पोरी, देव तुझं भलं करो," ते डोळे पुसत म्हणाले. "काय लख्ख केलंस! लहानपणी वडिलांनी दाखवलं होतं, तेव्हाही इतकं स्वच्छ नव्हतं. वडील कॅमेरा फिरवायचे आणि आई लाटा करायची."

त्यांनी खुर्ची भिंतीजवळ ओढली.

"आता तिचा हात येतो, तेवढा भाग लाव ना."